कर्जवसुली, डीआरटी आणि स्थगिती: इंदूरच्या कर्जदारांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

घर, दुकान किंवा कारखाना तारण ठेवून घेतलेलं कर्ज थकलं आणि बँकेचे कागद येऊ लागले की पुढची उत्तरं कामी येतील. भर सरफेसी कायद्यावर, म्हणजे बँकेला कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊन विकू देणाऱ्या २००२ च्या कायद्यावर आहे, कारण इंदुरात तारणाच्या कर्जाची वसुली बहुतेक त्याच रस्त्याने होते.

बँकेचं पत्र आलंय. ते नेमकं कसलं आहे हे कसं ओळखायचं?

पत्रात कलम कोणतं लिहिलंय ते आधी पाहा, रक्कम नंतर. कलम १३(२) असेल तर ती मागणी नोटीस, मुदत ६० दिवस. कलम १३(४) किंवा 'पझेशन नोटिस' असेल तर बँकेने ताबा घेतल्याचं जाहीर केलंय आणि डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात (ट्रिब्युनलमध्ये), जायचे तुमचे ४५ दिवस सुरू झालेत. कलम १४ म्हणजे प्रकरण कलेक्टर कचेरीत किंवा मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांकडे गेलं. डीआरटीचं समन्स वेगळं, त्यात लेखी जबाबाला ३० दिवस मिळतात आणि फार तर आणखी १५. चेक परत गेल्याची नोटीस तर तिसरीच गोष्ट: तिथे १५ दिवसांत पैसे भरले नाहीत तर फौजदारी तक्रार होऊ शकते, आणि सरफेसीतली स्थगिती तिथे उपयोगी पडत नाही.

पाकीट फेकू नका. टपालाचा शिक्का आणि हातात पडल्याची तारीख पाकिटावरच लिहून ठेवा. पुढे मुदतीचा सगळा वाद त्या पाकिटावर ठरतो. नोटीस घ्यायला नकार दिला तर ती बजावली गेलीच नाही, हा समज चुकीचा आहे. बँक ती दारावर चिकटवू शकते, वर्तमानपत्रातही छापू शकते.

मागणी नोटिशीनंतरच्या ६० दिवसांत काय करायचं?

लेखी आक्षेप द्यायचा. बहुतेक कर्जदार हे दिवस मॅनेजरच्या केबिनमध्ये चकरा मारण्यात घालवतात, आणि तिथे काय बोलणं झालं याचा कागदावर काही पुरावा राहत नाही. कलम १३(३अ) प्रमाणे आक्षेप आला की बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावं लागतं. उत्तर दिलं नाही, किंवा 'आपले म्हणणे मान्य नाही' एवढ्या एका ओळीवर भागवलं, तर पुढे डीआरटीत तो तुमचा मुद्दा होतो. ६० दिवस संपायची वाट न पाहता पहिल्या तीन आठवड्यांतच आक्षेप द्यावा, म्हणजे बँकेचं उत्तर आल्यावर हातात थोडा वेळ उरतो.

आक्षेपात गाऱ्हाणी नकोत, मुद्दे हवेत. खातं एनपीए, म्हणजे थकीत, झाल्याची तारीख कोणती धरली, आणि त्या तारखेला खरोखर ९० दिवसांहून जास्त थकबाकी होती का? भरलेला एखादा हप्ता जमेस धरायचा राहून गेलाय का? व्याजाचा दर करारातलाच लावलाय का? रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने दंडव्याज बंद करून दंड आकारणी वेगळी दाखवायला सांगितलं, ते पाळलं का? तारणाचं वर्णन रजिस्ट्रीशी जुळतं का? घराचा नंबर नगर निगमच्या नोंदीत एक आणि नोटिशीत दुसरा, असं जुन्या वस्त्यांत होतं. फक्त नंबर चुकला म्हणून कारवाई पडेल याची खात्री नाही, पण ती चूक आत्ताच नोंदवून ठेवावी.

आणखी दोन मुद्दे लोक विसरतात. मूळ रक्कम आणि व्याज मिळून जेवढं होतं त्याच्या २० टक्क्यांहून कमी थकलं असेल, किंवा बाकी एक लाखाच्या वर नसेल, तर कलम ३१ मुळे सरफेसी लागू होत नाही. आणि सांवेर रोड, पोलोग्राउंड किंवा पीथमपूरला तुमचं लघुउद्योगाचं युनिट असेल तर २९ मे २०१५ च्या अधिसूचनेतली पुनरुज्जीवनाची चौकट आक्षेपातच, उद्यम नोंदणीच्या प्रतीसकट, मागा. सुप्रीम कोर्टाने प्रो निट्स प्रकरणात ऑगस्ट २०२४ मध्ये सांगितलं की ही चौकट बँकांवर बंधनकारक आहे. पण आपण लघुउद्योग आहोत हे उद्योजकाने वेळेवर पुढे आणायला हवं. सगळं उरकल्यावर, लिलावाच्या वेळी हा मुद्दा काढला तर कोर्ट ऐकत नाही.

आक्षेप रजिस्टर्ड पोस्टाने अधिकृत अधिकाऱ्याच्या नावाने, एक प्रत शाखेत देऊन पोचेचा शिक्का, आणि त्याच दिवशी ईमेल.

मग लगेच कोर्टात का जाऊ नये?

कारण या टप्प्यावर डीआरटीचं दार बंद असतं. १३(२) ची नोटीस किंवा आक्षेपाला आलेलं उत्तर यांच्याविरुद्ध कलम १७ खाली अर्ज चालत नाही. बँकेने १३(४) खाली पाऊल उचललं की चालतो.

दोन-तीन हप्ते भरले तर खातं पुन्हा नियमित होतं ना?

नाही. रिझर्व्ह बँकेच्या नोव्हेंबर २०२१ च्या स्पष्टीकरणानुसार एनपीए झालेलं खातं सगळी थकबाकी भरल्यावरच नियमित होतं. अर्धवट भरलेले पैसे व्याजात जातात आणि कारवाई चालू राहते. तरी भरण्याचा एक फायदा आहे: स्थगिती मागताना तुम्ही प्रामाणिक आहात हे दिसतं. पैसे आरटीजीएसने भरा, यूटीआर नंबर जपून ठेवा. वसुलीवाल्याच्या हातात रोख देऊ नका.

नोटीस आल्यावर घर बायकोच्या किंवा मुलाच्या नावावर केलं तर?

करू नका. मागणी नोटिशीनंतर बँकेच्या लेखी परवानगीवाचून तारण विकता, भाड्याने देता किंवा दुसऱ्याच्या नावावर करता येत नाही. हे मोडलं तर कायद्यात एक वर्षापर्यंत कैद आहे, आणि डीआरटीत तुमचा बाकीचा खरा मुद्दाही संशयात सापडतो. गिऱ्हाईक मिळालं असेल तर त्याला घेऊन बँकेत जा आणि विक्रीचे पैसे थेट कर्जखात्यात भरायचा लेखी प्रस्ताव द्या. लिलावापेक्षा अशा विक्रीत भाव बरा येतो, हे बँकेलाही ठाऊक असतं.

दारावर ताब्याची नोटीस चिकटवली, पण आम्ही अजून घरातच आहोत. आता काय?

हा सांकेतिक ताबा. कुलूप लागलं नाही म्हणून निवांत राहू नका. सुप्रीम कोर्टाने हिंडन फोर्ज प्रकरणात २०१८ मध्ये स्पष्ट केलं की सांकेतिक ताब्यावरही डीआरटीत जाता येतं. त्यासाठी मुदत ४५ दिवस आहे. उशीर माफ करण्याचा अर्ज करता येतो, पण त्याच्यावर भिस्त ठेवू नये.

ही नोटीस तुम्हाला द्यावी लागते, मालमत्तेवर चिकटवावी लागते, आणि ताब्यानंतर ७ दिवसांत दोन प्रमुख वर्तमानपत्रांत छापावी लागते. त्यातलं एक स्थानिक भाषेतलं. इंदुरात स्थानिक भाषा म्हणजे हिंदी. घरी फक्त पुण्या-मुंबईचा मराठी अंक येत असेल तर जाहिरात नजरेतून सुटते, आणि ती वाचली नाही हे कारण ट्रिब्युनलपुढे टिकत नाही. दोन्ही अंकांची मूळ पानं मिळवून ठेवा. सात दिवसांचा नियम पाळला गेला का, हे त्यावरूनच कळतं.

अर्ज कुठे करायचा? खर्च किती?

मध्य प्रदेशचं डीआरटी जबलपूरला आहे. इंदूरचं जिल्हा न्यायालय या वादात पडू शकत नाही, कलम ३४ ने दिवाणी कोर्टांना तो मज्जाव आहे. अर्जाला व्यवहारात एसए म्हणतात. कर्ज १० लाखांच्या आत असेल तर दर लाखामागे किंवा त्याच्या भागामागे ५०० रुपये फी. १० लाखांपासून पुढे ५,००० रुपये आणि १० लाखांवरच्या दर लाखामागे २५० रुपये, कमाल एक लाख. म्हणजे ३८ लाखांच्या मागणीला ५,००० अधिक २८ गुणिले २५०, एकूण १२,००० रुपये. वकिलाची फी वेगळी.

लागणारे कागद: मंजुरीपत्र, कर्जाचा आणि गहाणाचा करार, कर्ज घेतल्यापासूनचा पूर्ण खातेउतारा, मागणी नोटीस, तुमचा आक्षेप पोचेसकट, बँकेचं उत्तर, ताब्याची नोटीस आणि तिचे फोटो, वर्तमानपत्राची पानं, रजिस्ट्री, नगर निगमची कराची पावती, शपथपत्र, वकीलपत्र. स्थगितीचा अर्ज वेगळा जोडावा लागतो. मुख्य अर्जाच्या शेवटी 'स्थगिती द्यावी' एवढं लिहून भागत नाही. खातेउतारा बँक टाळत असेल तर तो लेखी मागा आणि त्या मागणीची प्रतही जोडा.

ट्रिब्युनलचं काम हिंदी किंवा इंग्रजीत चालतं. रामबागेतल्या किंवा नंदलालपुऱ्यातल्या जुन्या घरांची वाटणीपत्रं आणि मृत्युपत्रं मराठीत असतात, क्वचित मोडीतही. ती भाषांतरासकट द्यावी लागतात. मोडी वाचणारा शोधायला दिवस लागतात, तेव्हा हे काम पहिल्या आठवड्यात सुरू करा.

ई-फायलिंगमुळे प्रत्येक कागदासाठी जबलपूर गाठावं लागत नाही. पण ट्रिब्युनलच्या कार्यालयाने काढलेल्या त्रुटी कुणीतरी दूर कराव्याच लागतात. त्या तशाच राहिल्या तर अर्ज सुनावणीला लागत नाही, आणि कर्जदार इथे समजतो की केस चालू आहे. म्हणून जबलपूरला रोज उभा राहणारा वकील हवा. तारखेला स्वतः जायचंच झालं तर ओव्हरनाइट एक्सप्रेस आहे.

स्थगिती मिळते का?

अर्ज दाखल झाला म्हणून कारवाई आपोआप थांबत नाही. स्थगिती मागावी लागते, आणि ती बहुधा काही रक्कम भरायच्या अटीवर मिळते. कायद्यात कलम १७ साठी आगाऊ रक्कम भरायची सक्ती नाही. पूर्वी ७५ टक्के भरायची अट होती, ती मार्डिया केमिकल्स प्रकरणात सुप्रीम कोर्टाने २००४ मध्ये रद्द केली. पण 'भरणार किती आणि कधी?' असं ट्रिब्युनल विचारणारच. रक्कम, तारीख आणि पैसा कुठून येणार, हे ठरवूनच जा. फुगवून आकडा सांगितला आणि पहिलीच तारीख चुकली तर स्थगिती उठते, आणि दुसऱ्यांदा मागायला तोंड राहत नाही.

काय चालतं: नोटीस न बजावणं, आक्षेपाला उत्तर न देणं, चुकीची एनपीए तारीख, मुदतीआधी लिलाव, मंजूर मूल्यमापकाच्या ताज्या मूल्यांकनाशिवाय ठरवलेली राखीव किंमत, शेतजमिनीवर कारवाई. काय चालत नाही: धंदा बसला, आजारपण आलं, मुलीचं लग्न होतं. या गोष्टी खऱ्या असल्या तरी त्यांनी नियमभंग सिद्ध होत नाही. त्यांचा उपयोग तडजोडीच्या टेबलावर होतो.

कायदा अर्ज ६० दिवसांत, फार तर चार महिन्यांत निकाली काढायला सांगतो. व्यवहारात जास्त लागतात.

इंदूर खंडपीठात रिट का लावू नये? ते तर एमजी रोडवरच आहे.

सोयीचं आहे खरं. पण युनायटेड बँक ऑफ इंडियाच्या २०१० च्या निकालापासून सुप्रीम कोर्ट वारंवार बजावतंय की डीआरटीचा मार्ग मोकळा असताना हायकोर्टाने अशा याचिका घेऊ नयेत. बहुतेक रिट 'डीआरटीत जा' एवढ्यावर निकालात निघतात, आणि तेवढ्यात ४५ दिवसांतले वीस-पंचवीस गेलेले असतात. ट्रिब्युनलवर पीठासीन अधिकारीच नसेल आणि लिलाव तोंडावर असेल, अशा वेळी मात्र तात्पुरत्या संरक्षणासाठी रिटला अर्थ आहे. रिटमध्ये एखादी नोटीस लपवली तर तेवढ्यावर ती फेटाळली जाते.

तहसीलदार पोलीस घेऊन येणार म्हणतात. कलेक्टरांकडे बाजू मांडता येईल का?

फारशी नाही. कलम १४ खाली जिल्हा दंडाधिकारी फक्त बँकेचं शपथपत्र पूर्ण आहे का ते पाहतात. कर्ज किती, चूक कोणाची, हे ठरवायचा त्यांना अधिकार नाही. आदेश ३० दिवसांत, कारणं नोंदवून फार तर ६० दिवसांत द्यायचा असतो, पण उशीर झाला म्हणून आदेश रद्द होत नाही. मोती तबेल्याच्या कचेरीत अर्ज देऊन कारवाई थांबेल असं कुणी पैसे घेऊन सांगत असेल तर ते पैसे गेले म्हणून समजा.

त्याऐवजी आदेशाची नक्कल घ्या, शपथपत्रात कलम १४ ने मागितलेले नऊही मुद्दे आहेत का ते तपासा, आणि डीआरटीत तातडीची सुनावणी मागा. ताब्याच्या दिवशी अडथळा आणू नका, त्याने गुन्हा दाखल होतो. औषधं, शाळेचे दाखले, दागिने, देव आणि मूळ कागद आदल्या दिवशीच हलवा. उरलेल्या सामानाची यादी पंचनाम्यात लिहून घ्या आणि प्रत मागा. ताबा गेल्यावरही अर्ज करता येतो, आणि कारवाई बेकायदा ठरली तर डीआरटी ताबा परत देऊ शकतं.

लिलावाची जाहिरात आली. पूर्ण पैसे भरून घर सोडवता येईल?

इथेच सर्वांत जास्त लोक फसतात. २०१६ च्या दुरुस्तीआधी विक्री होईपर्यंत पैसे भरून तारण सोडवता येत असे. आता कलम १३(८) प्रमाणे सोडवण्याचा हक्क लिलावाची सूचना प्रसिद्ध होईपर्यंतच आहे. सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स या सप्टेंबर २०२३ च्या निकालाने ते पक्कं केलं. जुना वकील किंवा ओळखीचा दलाल 'बोली लागेपर्यंत वेळ आहे' म्हणाला तर तो जुना कायदा सांगतोय.

म्हणून पैसा उभा राहत असेल तर जाहिरातीआधीच खर्चासकट पूर्ण रकमेचा आकडा बँकेकडे लेखी मागा आणि भरा. अर्धी रक्कम भरली म्हणजे तारण सुटलं असं होत नाही.

जाहिरात आल्यावर उरतो तो फक्त नियमभंगाचा मुद्दा. कर्जदाराला पहिल्या विक्रीआधी ३० दिवसांची नोटीस हवी. ती विक्री फसली तर पुढच्या वेळी १५ दिवस पुरतात. खरेदीदाराने २५ टक्के त्याच दिवशी किंवा दुसऱ्या कामाच्या दिवशी आणि बाकी १५ दिवसांत भरायला हवी. त्याची मुदत लेखी संमतीने तीन महिन्यांपर्यंत वाढते. विक्रीतून जास्त आलं तर उरलेलं तुमचं, कमी आलं तर फरकासाठी बँक पुन्हा मागे लागू शकते.

ओटीएस हा आमचा हक्क आहे का?

नाही. सुप्रीम कोर्टाने डिसेंबर २०२१ मध्ये सांगितलं की एकरकमी तडजोड द्यावीच असा आदेश बँकेला देता येत नाही. पण मागायला हरकत नाही. प्रस्तावासोबत थोडी रक्कम भरली तर बँक तो गांभीर्याने घेते. मंजुरी लेखी हवी आणि तीत एकूण रक्कम, हप्त्यांच्या तारखा आणि तारण मुक्त होण्याचं कलम हवं. तारीख चुकली तर सूट बहुधा रद्द होते आणि भरलेलं जुन्या बाकीत जमा होतं. कर्ज फार जुनं असेल तर प्रस्तावावर सही करण्याआधी वकिलाला दाखवा, कारण मुदतीच्या आत दिलेल्या लेखी कबुलीने बँकेची दाव्याची मुदत नव्याने सुरू होते.

कर्ज वीस लाखांच्या आत आणि विनातारण आहे. मग?

डीआरटीत २० लाखांपासूनचे दावे जातात, ही मर्यादा सप्टेंबर २०१८ पासून आहे. त्याखालचा दावा दिवाणी कोर्टात, बरेचदा दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या ऑर्डर ३७ च्या झटपट पद्धतीने. त्यात समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत हजेरी लावावी लागते, आणि निर्णयाचं समन्स आल्यावर पुन्हा १० दिवसांत बचावाची परवानगी मागावी लागते. दोन्हींतलं काहीही चुकलं तर हुकूमनामा होतो.

पगार जप्त झाला तरी पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सुरक्षित राहतात. ४०,००० पगारावर जप्ती १३,००० पर्यंत, आणि एका हुकूमनाम्यासाठी एकूण २४ महिने.

लोकअदालतीत सही करताना सांभाळा. त्या निवाड्यावर अपील नाही.

मी फक्त जामीनदार आहे.

कायद्यात 'फक्त' नाही. कराराच्या कायद्याच्या कलम १२८ प्रमाणे जबाबदारी कर्जदाराएवढीच. आधी त्याच्याकडून वसूल करा, मग माझ्याकडे या, असं बँकेला सांगता येत नाही. तुमचं घर तारण असेल तर तुम्हालाही स्वतंत्र नोटीस यायला हवी. ती आली नसेल तर तो तुमचा स्वतःचा मुद्दा. सहकारी बँकेचं कर्ज असेल तरी हेच: २०२० पासून सरफेसी सहकारी बँकांनाही लागू असल्याचं पक्कं झालंय.

आजोबांच्या वाड्यावर थोरल्या भावाने एकट्याने कर्ज काढलं. आमच्या हिश्श्याचं काय?

कर्जदार नसलेली व्यक्तीही डीआरटीत कलम १७ खाली जाऊ शकते. पण मालकीहक्काची घोषणा आणि वाटणी डीआरटी ठरवू शकत नाही. ते काम दिवाणी कोर्टाचं. मध्य प्रदेशातूनच गेलेल्या सेंट्रल बँकेच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०२५ मध्ये हे स्पष्ट केलं. आजोबांच्या नावाची रजिस्ट्री, मृत्यू दाखले, नामांतरणाची नोंद आणि वंशावळ जमवा. गहाणाच्या वेळी तुम्ही संमतीपत्रावर सही केली होती का, हे आधी प्रामाणिकपणे आठवा. बँक तो कागद पहिल्याच तारखेला काढते.

शेतजमीन तारण आहे.

शेतजमिनीला सरफेसी लागू नाही. पण जमीन खरोखर कसली जात असल्याचं दाखवावं लागतं, नुसती नोंद पुरत नाही. खसरा, बी-१, गिरदावरी आणि मंडीत माल विकल्याच्या पावत्या जोडा. डायव्हर्शन होऊन, म्हणजे जमीन बिगरशेती होऊन, प्लॉट पडले असतील तर हा मुद्दा सोडून द्या.

वसुलीवाले रात्री फोन करतात, शेजाऱ्यांना सांगतात.

सकाळी ८ आधी आणि संध्याकाळी ७ नंतर वसुलीचे फोन करायला रिझर्व्ह बँकेची मनाई आहे, धमकी आणि बदनामीलाही. बँकेकडे लेखी तक्रार करा. ३० दिवसांत समाधान झालं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालांकडे. धमकी असेल तर पोलीस ठाणं. याने कर्ज मात्र कमी होत नाही.

डीआरटीत हरलो तर?

अपील ३० दिवसांत, डीआरएटी या अपील न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मध्य प्रदेशसाठी प्रयागराजला. इथे मात्र रक्कम भरावीच लागते: देण्याच्या ५० टक्के, कारणं दाखवून २५ पर्यंत खाली. म्हणजे ४० लाखांचं देणं असेल तर किमान १० लाख. तेव्हा जबलपूरचीच केस नीट चालवा.

वकील परवडत नाही.

स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे आणि दिव्यांग अर्जदार यांना मोफत विधी साहाय्य मिळतं, आणि त्यांना उत्पन्नाची अट नाही. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज द्या. घर पत्नीच्या किंवा आईच्या नावावर असेल तर त्या स्वतः अर्जदार होऊ शकतात.

सगळं फिटलं. मूळ रजिस्ट्री कधी परत मिळेल?

पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत. डिसेंबर २०२३ पासून उशिरासाठी रिझर्व्ह बँकेने दिवसाला ५,००० रुपये भरपाई ठरवली आहे. बाकी नसल्याचा दाखला, गहाणमुक्तीचा कागद आणि सेर्साईवरची, म्हणजे तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतली, नोंद काढल्याचा पुरावा एकदमच मागून घ्या. ही शेवटची नोंद राहून गेली तर घर विकताना खरेदीदाराची बँक तिथेच अडवते.